ॲग्नेस पोकेल्स : स्वयंपाकघरातल्या शास्त्रज्ञ



विज्ञानाच्या पुस्तकात पेशीचा धडा येतो. मी हा धडा हिंदी माध्यमातून शिकलो, म्हणून माझ्या तोंडी अजूनही ‘कोशिका झिल्ली’ हाच शब्द आधी येतो. मराठीत तिला पेशीपटल म्हणतात. हे पटल स्निग्ध पदार्थाच्या दोन थरांचे असते आणि ते तेलासारखे वाहते असते, एवढे धड्यात दोन ओळींत उरकते. इतक्या पातळ थराचे मोजमाप कोणी सुरू केले, ते मात्र तिथे नसते. त्या बाईंची गोष्ट आज सांगतो.

ॲग्नेस पोकेल्स यांचा जन्म १४ फेब्रुवारी १८६२ रोजी व्हेनिस येथे झाला. तेव्हा ते शहर ऑस्ट्रियाच्या ताब्यात होते आणि वडील ऑस्ट्रियाच्या सैन्यात अधिकारी होते. मलेरियाने त्यांची प्रकृती ढासळली, नोकरी लवकर सोडावी लागली आणि १८७१ मध्ये कुटुंब जर्मनीतील ब्राउनश्वाइग या गावी आले. तिथल्या मुलींच्या शाळेत ॲग्नेसला भौतिकशास्त्राची गोडी लागली. पण शाळा संपली आणि शिक्षणही संपले, कारण तिथल्या विद्यापीठांत तेव्हा मुलींना प्रवेश नव्हता. पुढे वाट थोडी मोकळी झाली तेव्हा आईवडिलांनीच नको म्हटले. दोघेही आजारी, घर सांभाळायला मुलगीच. धाकटा भाऊ फ्रिड्रिश मात्र ग्योटिंगेनला शिकला आणि नावाजलेला भौतिकशास्त्रज्ञ झाला. त्याच्या बाजूने एक गोष्ट सांगितली पाहिजे : तो बहिणीला आपली पुस्तके पुरवत असे.

पालकहो, हा प्रसंग मला फार दूरच्या देशातला वाटत नाही. दहावीच्या निकालानंतर माझ्या खोलीत असे संभाषण अजूनही होते.

घरकाम करता करताच ॲग्नेसबाईंनी प्रयोग सुरू केले, तेव्हा त्या वीस वर्षांच्याही नव्हत्या किंवा जेमतेम होत्या. भांड्यांच्या तेलकट पाण्याकडे पाहून ही कल्पना सुचली असे सांगतात. त्यांचे उपकरण म्हणजे पत्र्याचा लांबट ट्रे : ७० सेंटिमीटर लांब, ५ सेंटिमीटर रुंद, २ सेंटिमीटर खोल. त्यात काठोकाठ पाणी भरायचे आणि पत्र्याची एक अरुंद पट्टी आडवी अशी ठेवायची, की तिची खालची बाजू पाण्याला टेकलेली राहील. पट्टी सरकवली की पाण्यावरचा तेलाचा थर एका बाजूला गोळा होतो आणि दुसरीकडे स्वच्छ पाणी मिळते. मग एक लहानशी चकती पाण्याला टेकवून, ती सुटायला किती जोर लागतो ते तराजूने मोजायचे. एवढेच.

यातून दिसले ते नवे होते. थर पसरलेला असताना पाण्याचा पृष्ठताण स्वच्छ पाण्याइतकाच राहतो. पट्टीने जागा कमी करत गेलो तरी काही वेळ काहीच बदलत नाही, आणि मग एका ठरावीक जागेनंतर तो एकदम घसरतो. कारण पुढे कळले. त्या क्षणी तेलाचे रेणू एकमेकांना खेटून, एकच थर करून उभे असतात आणि आणखी जागा उरलेली नसते.

जवळजवळ दहा वर्षे हे सगळे वहीत राहिले. इंग्लंडमधले लॉर्ड रॅले याच विषयावर काम करत आहेत हे कळल्यावर, जानेवारी १८९१ मध्ये ॲग्नेसबाईंनी त्यांना जर्मनमध्ये पत्र लिहिले. त्यात प्रयोग सांगितले आणि आपल्याला नियतकालिकांत लिहिणे जमण्यासारखे नाही हेही कळवले. रॅले यांच्या पत्नीने पत्राचे भाषांतर केले. रॅले यांनी ते स्वतःकडे ठेवले असते तर आज आपल्याला हे नावही कळले नसते. त्यांनी ते ‘नेचर’ या नियतकालिकाकडे शिफारशीसह पाठवले आणि १२ मार्च १८९१ च्या अंकात ते छापून आले. पदवी नसलेल्या, २९ वर्षांच्या बाईंचे काम त्यांच्याच नावाने प्रसिद्ध झाले. त्यानंतरही त्या लिहीत राहिल्या, पण आजारपणे आणि घर सुटले नाही. वडील १९०६ मध्ये गेले, भाऊ १९१३ मध्ये, आई १९१४ मध्ये.

अमेरिकेत अर्व्हिंग लँगम्यूर यांनी हाच ट्रे सुधारून १९१७ मध्ये रेणूंची मापे काढली आणि १९३२ चे रसायनशास्त्राचे नोबेल मिळवले. १९२५ मध्ये हॉलंडमध्ये गॉर्टर आणि ग्रेंडेल यांनी रक्तातल्या तांबड्या पेशींमधील स्निग्ध पदार्थ काढून अशाच ट्रेमध्ये पाण्यावर पसरला. त्याने व्यापलेली जागा पेशींच्या पृष्ठभागाच्या सुमारे दुप्पट भरली. म्हणजे पटलात दोन थर! त्यांच्या मोजणीत दोन चुका होत्या, पण त्या एकमेकींना छेदून गेल्या आणि उत्तर बरोबर आले. गणितात असे करून गुण मिळणार नाहीत, हे दहावीच्या मुलांनी लक्षात ठेवावे.

हे थर थिजलेले नसतात. १९७० मध्ये फ्राय आणि एडिडिन यांनी उंदराची आणि माणसाची पेशी एकत्र जोडली. दोघांच्या पटलांवरची प्रथिने वेगळ्या रंगांनी ओळखता येत होती. शरीराच्या तापमानात सुमारे ४० मिनिटांत ती मिसळून गेली. थंडीत मात्र मिसळेनात. १९७२ मध्ये सिंगर आणि निकल्सन यांनी त्यावरून वाहत्या पटलाचे चित्र मांडले. आपल्याकडे हिवाळ्यात तूप थिजते, सोयाबीनचे तेल थिजत नाही. तेलाच्या रेणूंच्या शेपट्या मधेच वाकलेल्या असतात, त्यामुळे ते घट्ट रचले जात नाहीत. पेशीही अशाच वाकड्या शेपट्यांच्या जोरावर आपले पटल मऊ ठेवते.

ब्राउनश्वाइगच्या तंत्रविद्यापीठाने ॲग्नेसबाईंना १९३२ मध्ये, वयाच्या सत्तराव्या वर्षी, सन्माननीय डॉक्टरेट दिली. २१ नोव्हेंबर १९३५ रोजी त्या वारल्या. त्याच विद्यापीठात शाळकरी मुलांसाठी त्यांच्या नावाची प्रयोगशाळा आहे.

आपल्या प्रयोगशाळेतही पत्र्याचे दोन ट्रे करून ठेवले आहेत. आठवी ते दहावीच्या मुलामुलींनी मधल्या सुट्टीनंतर यावे. टाल्कम पावडर आणि तेलाचा एक थेंब शाळेकडून मिळेल; ट्रे मात्र आधी साबणाने घासून खूप पाण्याने धुवावा, नाहीतर काहीच दिसणार नाही.