भुईमुगाचे प्रोफेसर : जॉर्ज वॉशिंग्टन कार्व्हर

भुईमुगाच्या शेंगा कोणाच्या घरी भाजल्या जात नाहीत? सुगीच्या दिवसांत शेताच्या बांधावर काटक्यांच्या जाळात त्या भाजतात. घरी दाणे तव्यावर परततात. भडभुंजा ते तापलेल्या वाळूत भाजून देतो. आणि अलीकडे शहरातील काही घरांत एअर फ्रायर नावाच्या विजेच्या भांड्यात, नुसत्या तापलेल्या हवेवर, ते भाजून निघतात. साधन कोणतेही असो, काम एकच. इतक्या साध्या कामात एखाद्या विद्वान मनुष्याने मन घालावे असे काय आहे, असे कोणी विचारील. त्याचे उत्तर म्हणून आम्ही अमेरिकेतील जॉर्ज वॉशिंग्टन कार्व्हर ह्यांचे चरित्र थोडक्यात सांगतो.

सुमारे 1864 साली मिसूरी प्रांतातील डायमंड ग्रोव्ह ह्या खेड्यात ह्यांचा जन्म झाला. त्यांची आई मेरी ही मोझेस कार्व्हर नावाच्या गोऱ्या शेतकऱ्याची गुलाम होती. मूल अगदी तान्हे असता रात्री दरोडेखोरांनी मायलेकरांना पळवून नेले. मोझेसने शोधास मनुष्य पाठविला. त्याला मूल सापडले, आई सापडली नाही. मूल परत आणल्याबद्दल मोझेसने त्या मनुष्यास एक घोडा दिला असे सांगतात. गुलामगिरी उठल्यावर मोझेस व त्याची पत्नी सुझान ह्यांनी त्या पोरक्या मुलाला व त्याच्या भावाला आपल्या घरी वाढविले. जॉर्ज अशक्त असल्यामुळे त्याला शेतावरचे जड काम झेपेना. म्हणून सुझानने त्याला अक्षरओळख करून दिली, आणि स्वयंपाक, धुणे व शिवणकाम शिकविले. चुलीजवळ मिळालेली ही विद्या पुढे त्याच्या किती उपयोगी पडली हे वाचकांस लवकरच दिसून येईल.

जवळच्या शाळेत काळ्या मुलांस प्रवेश नव्हता. म्हणून लहानपणीच घर सोडून तो नीओशो गावी पायी गेला. तेथे मराया वॉटकिन्स नावाच्या सुईणीने त्याला आश्रय दिला. ती लोकांचे कपडेही धूत असे. तो तिला कामात हातभार लावी, आणि मधल्या सुटीतही शाळेतून धावत येऊन कपडे घाशी. ह्या बाईने त्याला एक बायबल दिले. ते त्याने जन्मभर जपले. पुढे कॅन्सस प्रांतात गावोगाव फिरून, कोठे स्वयंपाक करून, कोठे धुणे धुऊन, त्याने आपले शिक्षण चालविले. तेथील एका ख्रिस्ती कॉलेजाने पत्राने त्याला प्रवेश दिला. परंतु तो दारी उभा राहताच त्याचा रंग पाहून त्याला परत पाठविले. हा घाव कसा असतो हे आमच्या वाचकांपैकी पुष्कळांना समजावून सांगावयास नको. ज्यांच्या ओठी प्रभूचे नाव होते त्यांनीच हे केले, हे आम्ही लपवून ठेवीत नाही.

1890 साली आयोवा प्रांतातील सिम्प्सन कॉलेजाने त्याला घेतले. तेथे तो चित्रकला शिकत होता. झाडाफुलांविषयीचे त्याचे ज्ञान पाहून त्याच्या शिक्षिकेने त्याला एम्स येथील शेतकी कॉलेजात जाण्याची सल्ला दिली. 1891 मध्ये तो तेथे गेला. त्या कॉलेजातील तो पहिलाच काळा विद्यार्थी होता. प्रथम त्याला इतर विद्यार्थ्यांच्या पंक्तीस बसू न देता तळघरात नोकरांबरोबर जेवावयास लाविले. त्याने अभ्यास सोडला नाही. 1894 मध्ये तो पदवीधर झाला, आणि 1896 मध्ये त्याने वरची पदवीही मिळविली.

त्याच वर्षी बुकर टी. वॉशिंग्टन ह्यांनी त्यांस अलाबामा प्रांतातील टस्कीगी येथे बोलाविले. गुलामगिरीतून सुटलेल्या लोकांच्या मुलांसाठी ही संस्था 1881 साली निघाली होती. आता प्रोफेसर झालेले कार्व्हर तेथे आले तेव्हा प्रयोगशाळा नव्हती. त्यांनी उकिरड्यावरच्या बाटल्या व फुटकी भांडी वेचून आणून प्रयोगशाळा उभी केली. ह्या संस्थेची त्यांनी मरेपर्यंत, सुमारे 47 वर्षे, सेवा केली.

त्या प्रांतातील काळे शेतकरी बहुतेक कुळे होते. जमीनदार व सावकार ह्यांना कपाशीच हवी असल्यामुळे कपाशी झोपडीच्या दारापर्यंत लाविलेली असे. जमीन वर्षानुवर्षे कस सोडीत होती, आणि कर्ज फिटत नव्हते. खाण्यास मक्याचे पीठ, डुकराची चरबी व काकवी एवढेच; त्यामुळे पेलाग्रा नावाच्या रोगाने पुष्कळ लोक पीडित होते. प्रो. कार्व्हर ह्यांनी सांगितले की, कपाशीच्या पाळीस चवळी, रताळी व भुईमूग लावा. चवळी व भुईमूग ह्यांच्या मुळांवरील गाठींत सूक्ष्म जंतू राहतात. ते हवेतील नायट्रोजन घेऊन झाडास देतात, आणि त्याचा लाभ जमिनीसही होतो. ज्याला खत विकत घेण्याचे सामर्थ्य नाही त्याला हे खत फुकट मिळे. 1906 पासून टस्कीगीहून एक घोडागाडी अवजारे, बियाणे व नमुने घेऊन खेडोपाडी जाऊ लागली. कारण शेतकऱ्याला शाळेत येण्यास सवड नसेल तर शाळेने त्याच्या शेतावर जावे, असा तिचा हेतू होता. 1910 च्या सुमारास कपाशीची बोंडे नासविणारा बोल वीव्हिल नावाचा सोंडेचा किडा अलाबामात पोहोचला, तेव्हा दुसरे पीक घेणे भागच पडले.

परंतु पीक घ्या एवढे सांगून भागत नाही. त्या भागात भुईमूग म्हणजे डुकरांचे खाणे, अशी पुष्कळांची समजूत होती. तो घरात शिजला नाही तर गरिबाच्या मुलाच्या अंगी लागणार कसा? म्हणून 1916 मध्ये प्रो. कार्व्हर ह्यांनी एक पत्रक काढिले. त्यात भुईमूग कसा लावावा, आणि 105 प्रकारांनी तो कसा खावा, हे दिले. सार, भाकरी, वड्या, लोणी असे नाना पदार्थ त्यात आहेत. शेंगदाण्याच्या लोण्याची कृती पाहा : दाणे सोलावे, साल सुटेल इतपतच भाजावे, हलके चोळून, पाखडून व चाळून साली काढाव्या, मग मिळेल त्या जात्यात बारीक दळावे. आमच्या भगिनी दाण्याचे कूट करताना दुसरे काय करितात? सुझानच्या स्वयंपाकघरात शिकलेल्या हातानेच हे लिहिले होते. महागडे साधन नाही, विकतचा जिन्नस नाही. जे घरी आहे त्यानेच काम भागवावयाचे.

ह्या प्रसंगी दोन उपयोगाच्या गोष्टी सांगून ठेवितो. भाजताना आच मंद असावी व दाणे हलवीत राहावे. उतरविल्यावरही आतल्या उष्णतेने ते आणखी भाजले जातात, म्हणून रंग पुरता येण्यापूर्वीच काढून पसरावे. एअर फ्रायरलाही हाच नियम लागू आहे. दुसरे, बुरशी आलेले, काळवंडलेले वा सुरकुतलेले दाणे टाकून द्यावे. त्यांत अफलाटॉक्सिन नावाचे विष असू शकते. हे विष प्रो. कार्व्हर ह्यांच्या मरणानंतर, 1960 च्या सुमारास, प्रथम उजेडात आले. भाजल्याने ते पुरते नाहीसे होत नाही.

1921 मध्ये परदेशी भुईमुगावरील जकातीसंबंधी बोलण्यास प्रो. कार्व्हर वॉशिंग्टन येथे अमेरिकेच्या कायदेमंडळाच्या समितीपुढे गेले. एका सभासदाने त्यांच्या रंगावरून टोचून विचारले; ते शांत राहिले. त्यांना प्रथम 10 मिनिटे दिली होती, परंतु त्यांचे बोलणे ऐकून समितीने त्यांना हवा तेवढा वेळ दिला. तेव्हापासून त्यांचे नाव देशभर झाले.

येथे आमच्या उपदेशक बंधूंस एक गोष्ट मुद्दाम सांगावयाची आहे. कार्व्हर ह्यांनी शेंगदाण्याचे लोणी शोधून काढिले, असे व्यासपीठावरून सांगण्यात येते. ते खरे नाही. कॅनडातील मार्सेलस एडसन ह्यांना अशा लोण्याविषयी 1884 मध्येच पेटंट मिळाले होते. भुईमुगापासून त्यांनी 300 वस्तू केल्या असेही म्हणतात. परंतु त्यांतील पुष्कळ जुन्याच कृती होत्या, आणि त्यांच्या नावावर एकंदर 3 च पेटंटे आहेत. आपल्या पत्रकातील पुष्कळ कृती आपण इतरांकडून घेतल्या, हे त्यांनी स्वतःच त्यात नमूद केले आहे. अलाबामात भुईमूग वाढला तोही केवळ त्यांच्यामुळे नव्हे. किड्याचा उपद्रव व महायुद्धातील तेलाची गरज हीही कारणे होती. मग थोरवी कशात? गरिबाच्या चुलीची त्यांनी लाज धरली नाही, ह्यात. सत्पुरुषाच्या चरित्रास खोट्याचा टेकू दिला, तर ऐकणाऱ्याला एके दिवशी ते कळते, आणि मग तो खऱ्यावरही विश्वास ठेवीत नाही.

त्यांची भक्तीही अशीच साधी होती. पहाटे उठून ते रानात जात, झाडेझुडपे पाहात व प्रार्थना करीत. रविवारी सायंकाळी विद्यार्थ्यांना बायबल शिकवीत. 1924 साली आपल्या कामात ईश्वरी प्रेरणा असते असे त्यांनी जाहीरपणे सांगितले, तेव्हा न्यूयॉर्कच्या एका मोठ्या वर्तमानपत्राने त्यांच्यावर टीका केली. त्यांनी उत्तरादाखल आपला अभ्यास व आपण वाचलेले ग्रंथकार सांगितले. प्रार्थना करणाऱ्याने अभ्यास सोडावा, असे त्यांच्या मनात कधीच नव्हते.

त्यांनी लग्न केले नाही, आणि राहणीही अत्यंत साधी ठेविली. शिल्लक राहिलेला पैसा, सुमारे 60,000 डॉलर, त्यांनी पुढील संशोधनासाठी स्थापिलेल्या संस्थेस दिला. 5 जानेवारी 1943 रोजी त्यांना मरण आले. टस्कीगी येथे बुकर वॉशिंग्टन ह्यांच्या शेजारी त्यांना पुरले. ज्या शेतावर ते गुलाम म्हणून जन्मले, ती जागा त्याच वर्षी अमेरिकन सरकारने राष्ट्रीय स्मारक म्हणून राखून ठेविली.

वाचकहो, आमच्या खेड्यांतही जमीन थोडी व कर्ज फार असलेली घरे आहेत. अशा घरी भेटीस गेलो असता, आमच्याजवळ काहीच नाही, हे शब्द आम्ही पुष्कळदा ऐकतो, आणि त्याच वेळी घरची माउली पसाभर भाजलेले दाणे आमच्यापुढे ठेविते. ते काहीच नव्हे, असे आता आम्हांस म्हणवत नाही.