चित्रांत जपलेले गाव

पूर्व युरोपातील बेलारूस देशात व्हिटेब्स्क नावाचे शहर आहे. पूर्वी ते रशियन साम्राज्यात मोडत असे. १८८७ साली जन्मलेल्या मार्क शागालचे बालपण या शहरातील एका गरीब ज्यू कुटुंबात गेले. वडील खारवलेल्या माशांची जड पिंपे वाहण्याचे कष्टाचे काम करीत. आई वाणसामानाचे लहानसे दुकान चालवी. भावंडांत मार्क थोरला. लाकडी घरे, अंगणातील गाई-कोंबड्या, लग्नसमारंभातील व्हायोलिनवादक आणि शनिवारच्या पवित्र दिवसाची प्रार्थना, एवढेच त्याचे जग होते.

चित्रकला शिकण्यासाठी तो प्रथम सेंट पीटर्सबर्गला गेला. तेथे राहण्यास त्या काळी ज्यू लोकांना सरकारी परवाना लागे. पुढे १९१० साली तो पॅरिसला पोहोचला. जवळ पैसा नव्हता. भोवती नामवंत चित्रकारांचे नवे नवे प्रयोग चालले होते. त्यांतून तो पुष्कळ शिकला. परंतु कुंचला हाती घेताच त्याला आपले गावच दिसू लागे. १९११ साली त्याने ‘मी आणि गाव’ हे चित्र रंगविले. त्यात हिरव्या चेहऱ्याचा माणूस आणि एक जनावर परस्परांकडे प्रेमाने पाहत आहेत. मागची काही घरे चक्क उलटी उभी आहेत! मनात आठवणी जशा एकमेकींत मिसळून येतात, तशाच त्या येथे उतरल्या आहेत.

१९१४ साली शागाल गावी आले आणि महायुद्ध पेटल्यामुळे तेथेच राहिले. पुढच्या वर्षी व्हिटेब्स्कच्याच बेला यांच्याशी त्यांचा विवाह झाला. रशियन क्रांतीनंतर त्यांनी गावात चित्रशाळा स्थापन केली; परंतु सहकाऱ्यांशी मतभेद होऊन त्यांना ती सोडावी लागली. १९२२ साली त्यांनी रशियाही सोडला आणि ते पुन्हा फ्रान्समध्ये स्थायिक झाले.

दुसऱ्या महायुद्धात जर्मनीने फ्रान्स जिंकला. तेथे ज्यूंच्या जिवाला धोका निर्माण झाला. म्हणून १९४१ साली शागाल अमेरिकेत गेले. त्याच उन्हाळ्यात जर्मन सैन्याने व्हिटेब्स्क घेतले. तेथील हजारो ज्यू स्त्री-पुरुष व मुले मारली गेली. १९४४ साली शहर मुक्त झाले, तेव्हा बहुतेक घरांचे ढिगारे झाले होते. त्याच वर्षी बेलाही निवर्तल्या. दुःखाने शागाल यांनी कित्येक महिने कुंचला हाती धरला नाही.

पुढे ते पुन्हा चित्रे काढू लागले. तीच लाकडी घरे, तेच वादक, त्याच गाई! जे गाव भूमीवर उरले नव्हते, ते त्यांच्या चित्रांत नांदत राहिले. १९४८ साली ते फ्रान्सला परतले. १९६४ साली पॅरिसच्या ऑपेरागृहाचे छत त्यांच्या चित्रांनी सजले.

१९७३ साली सोव्हिएत सरकारच्या निमंत्रणावरून, वयाच्या ८६ व्या वर्षी, ते मॉस्को व लेनिनग्राड येथे गेले. व्हिटेब्स्कला मात्र ते गेले नाहीत. ज्या गल्ल्या मनात जशाच्या तशा होत्या, त्या प्रत्यक्षात हरवलेल्या पाहणे त्यांना जड गेले असावे.

१९८५ साली फ्रान्समध्ये त्यांचे निधन झाले. व्हिटेब्स्कमधील त्यांचे बालपणीचे घर १९९७ साली संग्रहालय म्हणून खुले झाले. ज्या गावाची आठवण त्यांनी आयुष्यभर जपली, त्या गावाने अखेर त्यांचीही आठवण जपली.