महादजींचा मानमरातब

लष्करातल्या जुन्या मराठी घरांतून दसऱ्याला माळ्यावरची एखादी पेटी अजून खाली उतरते. आमच्याही घरी उतरते. वडील दरबारी गवई. दरबारात हजेरीला निघताना पगडी आधी आणि तंबोरा मागाहून, असा त्यांचा शिरस्ता. माझ्याकडे गाणे शिकायला येणारी मुले ती शिंदेशाही पगडी पाहून तिला टोपी म्हणतात. त्यांना दोष कसा द्यावा? शिरपेच, कलगी, अब्दागीर, मोर्चेल, नालकी हे शब्द रोजच्या बोलण्यातून केव्हाच गेले. आणि शब्द गेला की त्यामागचा हिशेबही जातो. तो हिशेब ज्यांना पुरता अवगत होता, त्या महादजी शिंद्यांचे चरित्र या दृष्टीने एकदा पाहण्यासारखे आहे.

महादजी हे राणोजी शिंद्यांचे पुत्र. सातारा प्रांतातल्या कण्हेरखेडची पाटीलकी हे त्यांचे मूळ वतन. राणोजी प्रथम पेशव्यांच्या पदरी जोडे सांभाळण्याच्या चाकरीवर होते, ही कथा सर्वश्रुत आहे. तेथून ते माळव्याचे सरदार झाले. त्यांच्या मागे घराण्याने रणात मोठी किंमत मोजली. जयाप्पा १७५५ मध्ये नागोरास मारले गेले, दत्ताजी १७६० च्या जानेवारीत बुराडी घाटावर पडले, आणि पुढच्याच वर्षी १४ जानेवारीला पानिपत झाले. महादजी तेथून पायावर जबर घाव घेऊन निसटले. राणेखान नावाच्या भिस्त्याने त्यांना वाचवले. पाय जन्माचा अधू झाला. पण राणेखानाचे उपकार ते विसरले नाहीत, त्याला त्यांनी भाऊ मानले आणि सरदारकीपर्यंत चढवले.

घराण्याची सरदारकी १७६८ मध्ये त्यांच्याकडे आली. १७७१ मध्ये मराठी फौजा दिल्लीत शिरल्या आणि पुढच्या वर्षाच्या आरंभी बादशहा शाह आलम आपल्या राजधानीत परतला, त्यात महादजींचा मोठा वाटा होता. १७८२ चा सालबाईचा तह त्यांच्याच मध्यस्थीने झाला. १७८४ च्या अखेरीस बादशहाने पेशव्यांना वकील-इ-मुतलक, म्हणजे साम्राज्याचा मुखत्यार, नेमले आणि महादजींना त्यांचे नायब केले. दिल्लीचा सगळा कारभार अशा रीतीने पाटीलबावांच्या हाती आला. १७८८ मध्ये गुलाम कादिराने बादशहाचे डोळे काढले, तेव्हा त्याला पकडून शासन करणारेही महादजीच.

आता मानाच्या वस्त्रांकडे वळू. खिलत हा शब्द अरबी. त्याच्या मुळाशी अंगावरून उतरवणे हा अर्थ आहे. राजाने आपल्या अंगचे वस्त्र उतरवून दुसऱ्याला द्यायचे, आणि ते ज्याने अंगावर घेतले तो राजाचा झाला. डोक्यापासून पायापर्यंतचा पोशाख दिला की तो सरोपा. आपण आज सहज ज्याला शिरपाव म्हणतो तो हाच. ऊन अडवणारी मानाची छत्री ती आफ्ताबगीर, म्हणजे आपले अब्दागीर. सोनेरी माशाचे निशाण ते माही मरातिब. हे मोगली दरबारात अगदी वरच्या दर्जाच्या सरदारांनाच मिळे, आणि त्यातलाच मरातब आपल्या मानमरातबात येऊन बसला आहे. दारावर नौबत वाजवण्याचा हक्कसुद्धा असाच मिळवावा लागे. चौघडा हे तेव्हा केवळ वाद्य नव्हते, ती एक पदवी होती.

तेव्हा वस्त्रे घेणे याचा अर्थ चाकरी पत्करणे. पेशव्यांना पेशवाईची वस्त्रे साताऱ्याच्या छत्रपतींकडून येत. मग त्याच पेशव्यांनी दिल्लीची खिलत कशी घ्यावी? १७९२ च्या जूनमध्ये महादजी बादशाही फर्मान आणि बहुमान घेऊन पुण्यास आले, तेव्हा नाना फडणविसांनी विरोध केला तो या कारणाने. अखेर छत्रपतींची रीतसर संमती आणवली गेली, तेव्हा समारंभ ठरला.

तत्पूर्वीच्या भेटीची हकीगत ग्रँट डफने आपल्या इतिहासात दिली आहे. हिंदुस्थानचा हा धनी हत्तीवरून दूर उतरून चालत गेला आणि मानकऱ्यांच्याही खाली जाऊन बसला. अठरा वर्षांच्या सवाई माधवरावांनी वर बोलावले, तेव्हा त्यांनी काखेतले गाठोडे सोडले, नवे जोडे पेशव्यांपुढे ठेवले, बापाची चाकरी तीच आपली म्हणून सांगितले, आणि जुने जोडे बांधून पुन्हा काखेत घेतले.

मग खिलतीचा समारंभ झाला. संगमाजवळच्या तळावर भव्य तंबू उभारला होता. त्यात बादशहाच्या नावे रिकामे सिंहासन, त्यावर फर्मान आणि बहुमान मांडलेले. पेशव्यांनी तीन वेळा मुजरा केला, एकशे एक मोहरा नजर ठेवल्या आणि डावीकडे जागा घेतली. नऊ वस्त्रे, जवाहीर, ढाल-तरवार, शिक्का, कलमदान, मोर्चेले, नालकी, पालखी, घोडा, हत्ती आणि माही मरातिब, असा तो सरंजाम होता. पेशवे आतल्या तंबूत जाऊन तो पोशाख करून आले आणि नालकीतून शहराकडे परतले. महादजी पाठीमागून चवऱ्या ढाळीत होते. जुन्या मानकऱ्यांपैकी अनेकांनी मात्र या समारंभाकडे पाठ फिरवली.

जोडे उचलण्यात ढोंग होते, असे म्हणणारे तेव्हाही होते आणि आजही आहेत. थकलेल्या पैशांचा हिशेब मिटवावा, नानांचा वरचष्मा कमी करावा, हे हेतू महादजींच्या मनात होतेच. परंतु केवळ ढोंग म्हटल्याने उलगडा होत नाही. आलिजाबहादूर ही बादशाही पदवी पदरी असताना त्यांनी पाटील हे नाव सोडले नाही. द बॉयनची कवायती फौज ज्याच्या हुकमात, त्याला शक्ती दाखवण्यासाठी पोशाखाची गरज नव्हती. दिल्लीची खिलत पेशव्यांना घातल्याने दिल्लीचा अधिकार पुण्याचा होतो, आणि जोडे काखेत घेतल्याने आपली निष्ठा पुण्याशी बांधली जाते. या दोन गोष्टी त्यांनी एकाच मुक्कामात, वस्त्रांच्याच भाषेत सांगून टाकल्या. ती भाषा पुण्यात प्रत्येकाला कळत होती, म्हणून तर इतका वाद झाला.

पुढे फार दिवस मिळाले नाहीत. १२ फेब्रुवारी १७९४ रोजी वानवडीच्या तळावर महादजी निवर्तले. तेथे आज त्यांची छत्री आहे. पेशव्यांच्या अंगावर घातलेल्या त्या खिलतीचा अर्थ प्रत्यक्षात उतरवणारा दुसरा माणूस मराठी राज्यात उरला नाही.

दौलतराव शिंद्यांनी पुढे येथे तळ दिला आणि आपले लष्कर वसले. ग्वाल्हेरच्या राजचिन्हावर सूर्य आणि नाग आले. जोड्यांना तेथे जागा मिळाली नाही, आणि तसा रिवाजही नाही. म्हणूनच ती गोष्ट घरातल्या वडीलधाऱ्यांनी सांगायची असते. यंदा दसऱ्याला पेटी उघडाल तेव्हा मुलांना पगडी नुसती दाखवू नका. पगडी, शिरपेच, कलगी, तुरा, एकेक नाव त्यांच्याकडून म्हणवून घ्या. माझ्या शिष्यांकडून मी ते सुरू केले आहे.