स्वाभिमानी गायिका-अभिनेत्री : शांता आपटे

बोलपटाच्या आरंभकाळी नटीला आपली गाणी आपणच गावी लागत. कुलीन घरच्या मुलीने चित्रपटात जाणे मात्र समाजास रुचत नसे. अशा दिवसांत, १९३२ साली, सोलापूर जिल्ह्यातील दुधनीच्या शांता आपटे ‘श्यामसुंदर’मधून रुपेरी पडद्यावर आल्या. प्रभात कंपनीच्या ‘अमृतमंथन’ने (१९३४) त्यांच्या गळ्याची कीर्ती सर्वदूर नेली.

१९३७ च्या ‘कुंकू’त त्यांनी नीरा साकारली. फसवून वृद्ध विधुराशी लग्न लावलेली ही तरुणी तो संसार मानावयास ठाम नकार देते. या चित्रपटात पार्श्वसंगीत नाही. त्यामुळे त्यांचा आवाज अधिकच मनाला भिडतो.

पडद्यावरचा हा बाणेदारपणा त्यांच्या जीवनातही होता. करारासंबंधी मतभेद होताच १९३९ मध्ये त्यांनी प्रभातच्या दारीच उपोषण केले. पुढल्या वर्षी ‘जाऊ मी सिनेमात?’ हे पुस्तक लिहून या व्यवसायाचे खरे स्वरूप त्यांनी मुलींपुढे मांडले. १९४१ साली तमिळ ‘सावित्री’तही त्यांनी भूमिका केली. १९६४ साली त्यांचे निधन झाले.

महाराष्ट्राच्या सीमेपलीकडे, बालाघाटात मराठी जपणाऱ्या आम्हांस त्यांच्या चरित्रातून एक बोध होतो : कला मोठी खरी, परंतु स्वाभिमान गहाण टाकून ती जोपासावयाची नसते.