कथनाचे तर्कशास्त्र उलगडणाऱ्या केटे हाम्बुर्गर

कथा-कादंबरीतील निवेदन आणि प्रत्यक्ष घटनेचे निवेदन यांत भाषेच्या पातळीवर नेमका भेद कोणता, या प्रश्नाचा मूलगामी वेध घेणाऱ्या जर्मन विदुषी केटे हाम्बुर्गर यांचे नाव विसाव्या शतकातील साहित्यशास्त्रात आदराने घेतले जाते.

त्यांचा जन्म २१ सप्टेंबर १८९६ रोजी हाम्बुर्ग येथे ज्यू कुटुंबात झाला. १९२२ मध्ये म्युनिक येथे त्यांनी डॉक्टरेट मिळविली. टोमास मान आणि स्वच्छंदतावाद या विषयावरील त्यांचे पुस्तक १९३२ मध्ये प्रसिद्ध झाले. पुढच्याच वर्षी नाझी सत्तेवर आले आणि ज्यू अभ्यासकांना विद्यापीठांची दारे बंद झाली. १९३४ मध्ये हाम्बुर्गर स्वीडनमधील गोथेनबर्ग येथे आश्रयास गेल्या. तेथे भाषा शिकवून आणि वृत्तपत्रीय लेखन करून त्यांनी सुमारे दोन दशके चरितार्थ चालविला. व्यासंग मात्र खंडित होऊ दिला नाही.

१९५६ मध्ये, साठीच्या उंबरठ्यावर, त्या श्टुटगार्टला परतल्या. विद्यापीठीय अध्यापनाची पात्रता देणारा त्यांचा प्रबंध, 'डी लोगिक डेर डिश्टुंग' अर्थात साहित्याचे तर्कशास्त्र, १९५७ मध्ये प्रसिद्ध झाला.

कादंबरीतील भूतकाळी क्रियापद गतकाळ दर्शवीत नाही, हा त्यातील गाजलेला सिद्धान्त. उद्या तिचा प्रवास होता, असे वाक्य व्यवहारात खटकते. कादंबरीत ते सहज वाचले जाते, कारण तेथे काळ पात्राच्या वर्तमानावरून मोजला जातो. दुसऱ्या व्यक्तीचे अंतरंग तिच्याच जाणिवेतून दाखविण्याचे सामर्थ्य केवळ तृतीयपुरुषी कथनात असते, असे त्यांनी प्रतिपादिले. प्रथमपुरुषी कादंबरीला त्यांनी खऱ्या निवेदनाची बतावणी मानून वेगळे काढले. या मांडणीवर तीव्र वाद झडले. १९६८ मध्ये ग्रंथाची सुधारित आवृत्ती आली आणि १९७३ मध्ये इंग्रजी अनुवाद झाला.

वनवासात गेलेल्या उमेदीच्या वर्षांची भरपाई अखेरपर्यंत झाली नाही. पूर्णवेळ प्राध्यापकपद त्यांना लाभले नाही. तरीही उतारवयात त्यांनी साहित्यातील सत्य आणि करुणा या विषयांवर स्वतंत्र ग्रंथ लिहिले. ८ एप्रिल १९९२ रोजी वयाच्या ९५ व्या वर्षी श्टुटगार्ट येथे त्यांचे निधन झाले. ज्या देशाने त्यांना परागंदा केले, त्याच देशाच्या सरकारने पुढे मानव्यविद्यांच्या संशोधन केंद्रांना त्यांचे नाव दिले.