रावबहादूर धुरंधर आणि मुंबईची साधी माणसं

मंडळी, महादेव विश्वनाथ धुरंधर हे नाव ऐकलं की आपल्यापैकी बहुतेकांच्या डोळ्यासमोर येतात ती शिवरायांची आणि देवादिकांची चित्रं. आम्हालाही बरीच वर्षं तेवढेच धुरंधर माहीत होते. पण आज आम्ही सांगणार आहोत ते दुसऱ्या धुरंधरांबद्दल. मोलकरीण, कोळीण, देवळाला निघालेल्या बायका, आपल्या ज्ञातीतलं लग्न, घरात काहीबाही काम करत बसलेली बायको, हे सगळं कागदावर उतरवणाऱ्या माणसाबद्दल. आमचं स्पष्ट मत असं की हे दुसरे धुरंधरच जास्त मोठे!

धुरंधरांचा जन्म १८ मार्च १८६७ चा, कोल्हापूरचा. घराणं पाठारे प्रभूंचं. मुंबई ही सात बेटं होती तेव्हापासून कोळ्यांच्या शेजाराने तिथे राहत आलेली ही छोटीशी ज्ञात. तिचे स्वतःचे दागिने, स्वतःचा स्वयंपाक, लग्नाच्या स्वतःच्या रीती. (पाठारे प्रभूंच्या हातची कोलंबी ज्यांनी खाल्ली आहे त्यांना जास्त सांगायला नको.) शाळा कोल्हापुरात झाली. आबालाल रहिमान यांच्यासारखा चित्रकार त्याच गावात होता आणि त्यांच्या कामाची छाप या मुलावर पडली.

जानेवारी १८९० मध्ये, बाविसाव्या वर्षी, धुरंधर मुंबईच्या सर जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये दाखल झाले. जॉन ग्रिफिथ्स तेव्हा प्राचार्य होते. शिक्षण सगळं विलायती पद्धतीचं. समोर माणूस बसवायचा आणि छाया-प्रकाश, हाडं-स्नायू बघून हुबेहूब काढायचा. १८९५ साली त्यांच्या 'हॅव यू कम लक्ष्मी' या चित्राला बॉम्बे आर्ट सोसायटीचं सुवर्णपदक मिळालं. १८९६ पासून ते तिथेच शिकवू लागले, पुढे हेडमास्तर झाले, १९२७ मध्ये रावबहादूर झाले आणि १९३० मध्ये त्या संस्थेच्या संचालकाच्या खुर्चीवर बसणारे पहिले भारतीय ठरले. १९३१ च्या जानेवारीत निवृत्त. विद्यार्थी म्हणून आत पाऊल टाकल्यापासून बाहेर पडेपर्यंत एकाच इमारतीत एकेचाळीस वर्षं! दर तीन वर्षांनी कंपनी बदलणाऱ्या आम्हा संगणकवाल्यांना हे वाचूनच घाम फुटतो. त्यांच्या आत्मचरित्राचं नावही 'कलामंदिरातील एकेचाळीस वर्षे' असंच आहे.

नोकरीची ही यादी इथेच थांबवू, कारण गंमत वेगळीकडे आहे.

१९०३ च्या सुमारास धुरंधरांनी मुंबईच्या माणसांवर रंगीत पोस्टकार्डं केली. साहेब लोक ती विकत घेऊन विलायतेला घरी पाठवत. आज आपण मोबाईलवर फोटो पाठवतो, तसंच. त्यातलं एक कार्ड आहे एका नखरेल मोलकरणीचं. तिच्या उभं राहण्यात जो ठसका आहे तो काही वर्गात मॉडेल बसवून मिळत नाही, त्यासाठी गल्लीतून चालताना डोळे उघडे असावे लागतात.

मग पुस्तकं आली. मुंबईचे पोलीस कमिशनर एस. एम. एडवर्ड्स यांच्या 'बाय-वेज ऑफ बॉम्बे' (१९१२) या पुस्तकात अफूचे अड्डे, मोहरम, सिद्दी लोक, अशी मुंबईची आडवाटेची वस्ती आहे आणि तिला चित्रं धुरंधरांची आहेत. किंकेड साहेबांचं 'डेक्कन नर्सरी टेल्स' (१९१४) तर आपल्या अगदी जवळचं. नाव इंग्रजी असलं तरी आत आहेत आपल्या आज्या श्रावणात वाचायच्या त्या कहाण्या. आणि ऑटो रोथफेल्डच्या 'विमेन ऑफ इंडिया'मध्ये मुंबईची कोळीण आहे, खोजा स्त्री आहे, देशावरची विधवासुद्धा आहे.

इथे एक गोष्ट मात्र खटकते आणि ती लपवण्यात अर्थ नाही. हे तिन्ही लेखक सरकारी अधिकारी. त्या काळच्या साहेबाला इथल्या माणसांचे नमुने हवे असायचे: ही अमुक जातीची, ही तमुक. त्या चौकटीत चित्रं भरून द्यायचं काम धुरंधरांनी घेतलं, पैसेही घेतले. काही जाणकार म्हणूनच त्यांना साहेबाचे चित्रकार म्हणून बाजूला सारतात. पण चित्रं समोर ठेवून बघा. खाली छापलेलं नाव जातीचं असतं, वर उभी असलेली बाई मात्र कोणीतरी एक खरीखुरी बाई असते. पदर कसा खोचलाय, पाटली कुठे सरकलीय, हे काढणाऱ्याने तिला नमुना म्हणून पाहिलेलं नाही.

आपल्या अल ऐनच्या जाहिली किल्ल्यात विल्फ्रेड थेसिजरची छायाचित्रं आहेत, ती आपण पाहुण्यांना हौसेने दाखवतो. १९४० च्या दशकातली इथली माणसं, उंट, वाळवंट. फार सुंदर आहेत, पण ते बाहेरून आलेल्या माणसाचं पाहणं आहे. धुरंधरांनी पाठारे प्रभूंचं लग्न रंगवलं तेव्हा ते मांडवातलेच होते. कोण कुठे बसतं, कुठल्या विधीला कुठली साडी, हे त्यांना कोणाला विचारावं लागलं नाही.

घरातही हात थांबत नसे. पहिल्या पत्नी बापूबाई अकाली गेल्या. दुसऱ्या पत्नी गंगूबाई यांची तर त्यांनी इतकी रेखाटनं केली की संसाराची रोजनिशीच म्हणावी. मुलगी अंबिका (१९१२-२००९) हिला त्यांनी जे. जे. मध्येच शिकवलं. १९३१ साली ती पदविका घेऊन बाहेर पडली, तेव्हा अशा मुली हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या होत्या. वडिलांचा चित्रसंग्रह पुढे तिनेच जिवापाड जपला.

धुरंधर १ जून १९४४ रोजी गेले. नव्या पिढीला तोवर हुबेहूब चित्रांचा कंटाळा आला होता आणि नाव मागे पडत गेलं. २०१८ मध्ये मुंबईच्या राष्ट्रीय आधुनिक कला संग्रहालयात त्यांचं मोठं प्रदर्शन भरलं आणि पोस्टकार्डं, रेखाटनं पुन्हा लोकांसमोर आली. नवी दिल्लीच्या सचिवालयातली त्यांची भित्तिचित्रं काही आपल्याला सहज बघायला मिळणार नाहीत, पण सुट्टीत सातारा भागात जाणाऱ्यांनी वाट वाकडी करून औंधचं श्री भवानी संग्रहालय जरूर गाठावं, तिथे धुरंधर आहेत. आणि 'डेक्कन नर्सरी टेल्स' इंटरनेटवर फुकट मिळतं. इंग्रजी शाळेत शिकणाऱ्या आपल्या मुलांना श्रावणातली शुक्रवारची कहाणी त्यातून वाचून दाखवता येईल, चित्रांसकट.