फाइट हारलान : इतिहासपटकाराचे उत्तरदायित्व

ऐतिहासिक साहित्यकृतीत कल्पिताला किती वाव असावा, हा प्रश्न बहुधा कलामूल्यांच्या अंगाने चर्चिला जातो. तो तितकाच नैतिकही आहे, याचा प्रत्यय जर्मन पटकथालेखक-दिग्दर्शक फाइट हारलान (१८९९–१९६४) यांच्या कारकिर्दीतून येतो.

नाटककार वाल्टर हारलान यांचे हे पुत्र बर्लिनमध्ये जन्मले. रंगभूमीवर नट म्हणून नावारूपास आल्यानंतर १९३५ पासून ते चित्रपट दिग्दर्शित करू लागले आणि लवकरच नाझी प्रचारमंत्री गोबेल्स यांच्या विश्वासातील दिग्दर्शक ठरले. १९४० च्या ‘यूट झ्यूस’ या चित्रपटाच्या पटकथेतही त्यांचा वाटा होता. व्युर्टेम्बेर्गच्या ड्यूकचा ज्यू अर्थसल्लागार योसेफ झ्यूस ओपनहाइमर यास ड्यूकच्या आकस्मिक मृत्यूनंतर अटक होऊन १७३८ मध्ये फाशी झाली, एवढा इतिहासाचा आधार. चित्रपटात मात्र ख्रिस्ती स्त्रीवरील बलात्कार, तिची आत्महत्या आणि अखेर समस्त ज्यूंची हकालपट्टी अशी कथानकाची रचना आढळते. एका व्यक्तीच्या कल्पित अपराधाचे दायित्व येथे संपूर्ण समाजावर लादले गेले. दोन कोटींहून अधिक प्रेक्षकांनी पाहिलेला हा चित्रपट हिमलर यांच्या आदेशाने एस.एस. व पोलीस दलांनाही दाखविण्यात आला. हारलान यांची प्रथम पत्नी, ज्यू गायिका डोरा गेर्सोन, १९४३ मध्ये आउश्वित्झ येथे मारली गेली.

‘कोल्बेर्ग’ या चित्रपटात १८०७ च्या वेढ्यातील नागरिकांच्या प्रतिकाराचे उदात्तीकरण आहे. प्रत्यक्षात तो वेढा तहामुळे उठला होता. ३० जानेवारी १९४५ रोजी हा चित्रपट प्रदर्शित झाला आणि मार्चमध्ये ते शहरच पडले.

युद्धोत्तर काळात मानवतेविरुद्धच्या गुन्ह्याच्या आरोपातून हॅम्बुर्गच्या न्यायालयाने हारलान यांना १९४९ व १९५० अशी दोनदा मुक्तता दिली. गोबेल्स यांच्या सक्तीपुढे आपण विवश होतो, असा त्यांचा बचाव होता. पुढे एरिख ल्यूथ यांनी त्यांच्या नव्या चित्रपटावर बहिष्काराचे आवाहन केले. त्यातून उद्भवलेल्या वादात जर्मन संविधान न्यायालयाने १९५८ मध्ये ल्यूथ यांचे अभिव्यक्तिस्वातंत्र्य मान्य केले. हा निर्णय पायाभूत मानला जातो.

सक्ती होती की नव्हती, हा न्यायालयाचा विषय होय. समीक्षेपुढे उरते ती कृती. इतिहासातील कोणता तपशील गाळला, कोणता नव्याने घडविला आणि त्यातून कोणाविषयी द्वेष निर्माण झाला, या कसोट्यांवर ‘यूट झ्यूस’ला निर्दोष ठरविता येत नाही.